बॉल कुठाय, ते सांग!

गेल्या उन्हाळ्यातली गोष्ट. चार दिवस सुट्टी टाकून कोल्हापूरला मामांकडे गेलो होतो. रविवार, दुपारचे चार, आणि शाहू स्टेडियमवर मॅच. पाटाकडील विरुद्ध दिलबहार. कोल्हापूरकरांना पुढचं सांगायला नको. इतरांसाठी एवढंच सांगतो, की ज्या 'डर्बी'साठी आपण पुण्यात कुठल्यातरी इंग्लिश क्लबचा शर्ट घालून रात्री जागतो, ती भानगड कोल्हापुरात पेठापेठांतून आणि तालमीतालमींतून पिढ्यान्‌पिढ्या चालत आलीय. लहान पोराला आधी तालीम कळते, मग आडनाव.

मामा आयुष्यभर उद्यमनगरात लेथवर उभे राहिले आणि मॅचच्या दिवशी स्टेडियमच्या पायरीवर बसले. चार वर्षांपूर्वी साखरेनं डोळे नेले. आता उजेड आणि अंधार कळतो, तेवढंच. स्टेडियमच्या गर्दीत त्यांना न्यायचं म्हटलं की मामी आडवी पडते. म्हणून मी मोठ्या उत्साहात (आयटीवाला भाचा, दुसरं काय!) मोबाईलवर यूट्यूबचं लाइव्ह लावलं, ब्लूटूथ स्पीकर जोडला आणि म्हटलं, "ऐका मामा, तुमची मॅच."

दहा मिनिटं मामा काही बोलले नाहीत. स्पीकरमधून आवाज येत होता, "ओहोहो! काय मारलाय! थोडक्यात, थोडक्यात वाचले! बघा, परत एकदा बघा!"

"कुणी मारला?"

"दिलबहारच्या सात नंबरनं."

"कुठनं?"

"डावीकडून."

"आपल्या डावीकडनं का त्येंच्या?"

मी स्क्रीनकडे बघून विचार करेपर्यंत खेळ दुसऱ्या टोकाला गेलेला. शेवटी मामा वैतागले. "आरं, ह्यो बाबा नुस्ता वरडतोय. बॉल कुठाय त्ये सांग की लेका!"

उरलेली मॅच मी सांगितली. घसा बसला, आणि मी हे काम किती वाईट करतो तेही कळलं. पण त्या दिवसापासून डोक्यात एक भुंगा शिरलाय, तो आज इथे सोडून देतो. माझं म्हणणं एका वाक्यात असं: फुटबॉलची मॅच ऐकता येणं हा प्रत्येक प्रेक्षकाचा साधा हक्क आहे, तो द्यायला तंत्रज्ञान तयार आहे, पैसा फारसा लागत नाही, कायद्यातही वाट आहे, तरीही आपल्याला ती ऐकू येत नाही, कारण 'ऐकणं' ही गोष्ट कुणाच्या यादीतच नाही. आणि यात मीही दोषी आहे. ते पुढे येईलच.

ऑफिसात हा विषय काढला तर ठरलेली प्रतिक्रिया. "रेडिओ?? अरे, फोर-के आलंय. आता कोण ऐकतंय?" बरं. हे म्हणणारा माणूस संध्याकाळी हिंजवडीच्या ट्रॅफिकमध्ये दीड तास कार चालवत असतो. त्याच्या फोनवर मॅच लागलेली असते, फोन डॅशबोर्डवर असतो आणि डोळे रस्त्यावर असतात (असावेत अशी प्रार्थना). राव, तू बघत नाहीयेस, तू ऐकतोयस! फक्त जी कॉमेंट्री बघणाऱ्यांसाठी केलीय, ती ऐकतोयस. म्हणून तुला काही कळत नाही, म्हणून तू फोनकडे बघतोस, आणि म्हणून तुझ्या पुढच्या टू-व्हीलरवाल्याचा जीव धोक्यात असतो.

दुसरा नमुना. यूट्यूबवर 'वॉचअलाँग' नावाचा प्रकार आजकाल जोरात चालतो. दोन-तीन पोरं कॅमेऱ्यासमोर बसतात, त्यांना मॅच दिसत असते, आपल्याला फक्त त्यांचे चेहरे दिसतात. ती सांगतात, ओरडतात, शिव्या देतात. आपण ऐकतो. मॅचचं एकही दृश्य दाखवायचं नाही, कारण त्याचे हक्क दुसऱ्याकडे. याला काय म्हणायचं? मंडळी, याला रेडिओ म्हणतात! ज्या पिढीला रेडिओ जुनाट वाटतो, तिनं तो स्वतःच्या हातानं पुन्हा शोधून काढलाय. फरक इतकाच, की यात बॉल कुठे आहे हे अजूनही कुणी धड सांगत नाही.

आता थोडा इतिहास, कारण त्यात एक फार सुंदर गोष्ट आहे.

बीबीसीनं फुटबॉलची पहिली थेट रेडिओ कॉमेंट्री केली २२ जानेवारी १९२७ ला. लंडनचं हायबरी मैदान, आर्सेनल विरुद्ध शेफील्ड युनायटेड, १-१ बरोबरी. कॉमेंटेटर टेडी वेकलम. तोवर हे काम तिथे कुणी केलेलंच नव्हतं, म्हणजे श्रोत्याला मैदान 'दिसणार' कसं हा प्रश्नच होता. त्यांनी काय केलं? 'रेडिओ टाइम्स' या साप्ताहिकात मैदानाचा नकाशा छापला, त्याचे आठ चौकोन पाडले आणि प्रत्येकाला नंबर दिला. वेकलम खेळ सांगायचा आणि दुसरा माणूस मध्ये मध्ये नुसता चौकोनाचा आकडा बोलायचा. लोक घरी नकाशा मांडीवर घेऊन बसायचे. बॉल कुठाय? चौकोन पाच.

त्याच्या आदल्याच आठवड्यात याच वेकलमनं रग्बीची कॉमेंट्री केली होती. समोर माइक, मैदानावर तीस माणसं, आणि ऐकणारा कोण हे माहीत नाही. घाबरून माणूस स्वतःशीच पुटपुटायला लागेल, म्हणून निर्मात्यानं एक युक्ती केली. कॉमेंट्रीच्या खोक्यासमोर एका दृष्टिहीन रग्बीप्रेमीला आणून बसवलं आणि वेकलमला सांगितलं, तू यांना मॅच सांग.

हे वाचलं तेव्हा मी खुर्चीतून उठून दोन फेऱ्या मारल्या. खेळाच्या रेडिओ कॉमेंट्रीचा जन्मच एका न दिसणाऱ्या माणसाला समोर बसवून झालाय! आणि शंभर वर्षं होत आली तरी माझ्या मामांना बॉल कुठे आहे ते सांगणारं कुणी नाही. याला आपण प्रगती म्हणतो.

आपल्याकडेही हे नव्हतं असं नाही. बाळ ज. पंडितांची आकाशवाणीवरची मराठी क्रिकेट कॉमेंट्री मामांच्या पिढीला अजून आठवते. फुटबॉलमध्ये कलकत्त्यानं तर बंगालीत परंपराच उभी केली. अजय बसू, पुष्पेन सरकार ही तिथली घराघरातली नावं. मोहन बागान विरुद्ध ईस्ट बंगाल असली की मैदानात जागा न मिळालेलं अर्धं शहर रेडिओला कान लावून बसायचं. अजून मागे जायचं तर २९ जुलै १९११. मोहन बागाननं ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटला २-१ हरवून आयएफए शील्ड जिंकली, तेव्हा रेडिओ नव्हताच. सांगतात की गर्दीत मागे उभ्या असलेल्यांना स्कोअर कळावा म्हणून पतंगांवर लिहून ते आकाशात चढवले होते. म्हणजे ज्याला दिसत नाही त्याला सांगायचं, ही भावना खेळाइतकीच जुनी आहे. पतंग उडवणारे ते लोक आपल्यापेक्षा हुशार होते, असं माझं वैयक्तिक मत आहे.

असो. आता मुद्द्यावर येऊ. आज पुण्यात बसलेल्या माणसाला फुटबॉलची लाइव्ह मॅच ऐकायची असेल तर काय काय करता येतं? मी सगळं करून पाहिलंय.

१. परदेशी रेडिओ स्टेशन ऑनलाइन लावायचं. इंग्लंडमधल्या एका स्टेशनचा प्रवाह मी दर शनिवारी लावायचो. मॅचआधीची चर्चा ऐकू येते, टीम ऐकू येते, गर्दीचा आवाजही येतो. आणि किक-ऑफच्या तोंडावर एक सभ्य आवाज सांगतो, की हक्कांच्या कारणामुळे हा कार्यक्रम तुमच्या देशात ऐकवता येत नाही. लग्नाला बोलावून पंगत बसताना उठवावं तसं! त्यातच २०२५ च्या जुलैत बीबीसीनं आपलं 'साउंड्स' हे अॅप ब्रिटनबाहेरच्या श्रोत्यांसाठी बंद केलं.

२. क्लबचं स्वतःचं अॅप. काही इंग्लिश क्लब त्यांच्या मॅचची ऑडिओ कॉमेंट्री अॅपवर किंवा वेबसाइटवर ऐकवतात, कुणी फुकट, कुणी पैसे घेऊन. हा सगळ्यात सरळ आणि कायदेशीर मार्ग, आणि कॉमेंट्री खरी रेडिओची असते. खोट एवढीच, की आपल्या क्लबपुरतंच ऐकू येतं आणि कॉमेंटेटर क्लबचा पगारी माणूस असल्यामुळे रेफ्री नेहमी आंधळाच असतो.

३. व्हीपीएन. म्हणजे मी मँचेस्टरला बसलोय असं खोटं सांगायचं. चालतं, पण मी सुचवणार नाही. फुकट मिळावं म्हणून कुणी हे करत असेल तर तो त्याचा प्रश्न. माझा राग वेगळा आहे. मी पैसे द्यायला तयार आहे, माझ्या देशात विकणारा कुणी नाही, आणि चोर मात्र मी!

४. टीव्हीचं स्ट्रीमिंग लावायचं आणि स्क्रीन उलटी ठेवायची. बहुतेक लोक हेच करतात. इथे मामांचा प्रश्न येतो.

हा चौथा मार्ग म्हणजे सगळ्या गोंधळाचं मूळ आहे. टीव्हीचा कॉमेंटेटर मुद्दाम कमी बोलतो. तेच त्याचं कौशल्य. बॉल उजव्या कोपऱ्यात आहे हे तुम्हाला दिसतंय, मग तो कशाला सांगेल? तो बॅकची दुखापत, मॅनेजरची नोकरी, २०१४ सालची एखादी आठवण असलं काहीतरी सांगतो. रेडिओच्या माणसाला ही चैन नाही. बॉल कुठे, कुणाकडे, कुठल्या दिशेला, किती मिनिटं झाली, स्कोअर काय, हे त्याला सतत सांगावं लागतं, कारण दर क्षणी कुणीतरी नवा माणूस रेडिओ लावत असतो. ही दोन वेगळी कामं आहेत. टीव्हीच्या आवाजाला रेडिओ म्हणणं म्हणजे चित्राशिवायच्या कॅलेंडरला पंचांग म्हणण्यासारखं आहे.

आता माझं पाप.

दोन वर्षांपूर्वी मी एका क्लायंटच्या व्हिडिओ प्लेयरवर काम करत होतो. नाव सांगत नाही. लाइव्ह खेळ दाखवणारं अॅप. तेव्हा बॅकलॉगमध्ये एक ओळ होती: 'फक्त आवाज' असा मोड द्यावा. कुणी टाकली होती देव जाणे. दर पंधरा दिवसांनी प्लॅनिंगच्या मीटिंगमध्ये ती ओळ वर यायची आणि कुणीतरी विचारायचं, "हे कुणाला हवंय?" सगळे गप्प. मीही गप्प. एके दिवशी बॅकलॉग साफ करायचं ठरलं आणि ती ओळ उडवली. उडवणारा हात माझा होता. तेव्हा मामांचे डोळे जाऊन दोन वर्षं झाली होती. माझ्या डोक्यात या दोन गोष्टी शेजारी शेजारी आल्याच नाहीत.

आणि काम केवढं होतं? ज्यांना आतलं माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. लाइव्ह व्हिडिओ आपल्याकडे नळाच्या पाण्यासारखा सलग येत नाही. त्याचे काही सेकंदांचे तुकडे करतात आणि प्रत्येक तुकडा वेगवेगळ्या दर्जात बनवून सर्व्हरवर ठेवतात. तुमचा फोन नेटवर्क बघून त्यातला झेपेल तो उचलतो. अॅपलनं २००९ मध्ये आणलेली एचएलएस ही पद्धत अशीच चालते. त्या सुरुवातीच्या वर्षांत अॅपलचा नियमच होता, की मोबाईल नेटवर्कवर दहा मिनिटांहून जास्त व्हिडिओ दाखवणार असाल तर सोबत ६४ केबीपीएसचा फक्त आवाजाचा प्रवाह ठेवलाच पाहिजे. का, तर नेटवर्क कोसळलं तरी माणसाला निदान ऐकू येत राहावं. म्हणजे 'फक्त आवाज' ही चंद्रावर जायची गोष्ट नाही. ती पद्धतीतच आहे. आपण बनवायचं होतं ते फक्त एक बटण.

आता हिशोब करा. ६४ केबीपीएसनं दोन तास ऐकलं तर साधारण ५८ एमबी. चार एमबीपीएसनं दोन तास बघितलं तर साडेतीन जीबीच्या वर. साठपट! खंडाळ्याच्या घाटात, एसटीत, लोकलच्या गर्दीत, गावाकडे एका कांडीवर चालणाऱ्या फोनवर चार एमबीपीएस मिळत नाही हो. ६४ केबीपीएस बहुतेक वेळा मिळतं. प्लेयर नेटवर्कशी झगडत चित्राचा चिखल दाखवतो, मध्येच चक्र फिरत राहतं, आणि नेमका तेव्हा गोल होतो.

गोलवरून आठवलं. उशीर! १८ डिसेंबर २०२२, विश्वचषकाची फायनल, अर्जेंटिना विरुद्ध फ्रान्स. ३-३, पेनल्टी शूटआउट. आम्ही सात जण एका फ्लॅटमध्ये, टीव्हीवर स्ट्रीमिंग. मोंटिएल शेवटच्या पेनल्टीसाठी बॉल ठेवतोय, आमचा श्वास अडकलेला, आणि समोरच्या बिल्डिंगमध्ये जल्लोष सुरू! जगातली सगळ्यात भारी फायनल आम्हाला समोरच्या काकांच्या टाळ्यांनी सांगितली. कारण तेच तुकडे. एक तुकडा सहा सेकंदांचा, प्लेयर सुरक्षित म्हणून तीन साठवून मग दाखवायला लागतो, म्हणजे अठरा सेकंद इथेच गेले. वर एन्कोडिंग, सर्व्हर ते सर्व्हर प्रवास. अर्धा मिनिट सहज. कमी उशिराच्या नव्या पद्धती आल्यात, पण त्या वापरायला पैसा आणि मेहनत दोन्ही लागतं. साध्या एफएम रेडिओला ही भानगडच नाही. मैदानावरून स्टुडिओपर्यंत आवाज आला की पुढे तुमच्या कानापर्यंत जवळजवळ शून्य उशीर. लाइव्ह म्हणजे लाइव्ह! आपण ज्याला पुढचं तंत्रज्ञान म्हणतो ते या एका बाबतीत मागचं आहे.

आणि एफएम तर खिशातच असतं. कित्येक फोनमध्ये एफएमची सोय आतमध्ये असते आणि बनवणारे ती बंद ठेवतात. एप्रिल २०२३ मध्ये केंद्राच्या इलेक्ट्रॉनिक्स मंत्रालयाला उद्योगाला लेखी सूचना द्यावी लागली, की बाबांनो, सोय असेल तर ती चालू ठेवा. वायरचा इअरफोन हा त्याचा अँटेना. तो खाचाच आता फोनवरून गायब होतोय, तो भाग वेगळा.

यावर नेहमीचा आक्षेप येतो: "भाऊ, हक्क विकत घ्यायला करोडो लागतात. फुकट ऐकवायला ते काय वेडे आहेत?"

ठीक. मग फुटबॉलचा धंदा आपल्यापेक्षा शंभर वर्षं जास्त केलेल्यांकडे बघू. इंग्लंडमध्ये शनिवारी दुपारी २:४५ ते ५:१५ या वेळात फुटबॉलची मॅच टीव्हीवर लाइव्ह दाखवायला बंदी आहे. लोकांनी घरी न बसता आपल्या गावच्या मैदानावर जावं, म्हणून साठच्या दशकापासून चालत आलेला नियम. त्यामुळे तीन वाजताची मॅच इंग्रज माणसाला टीव्हीवर दिसत नाही, पण रेडिओवर ऐकू येते. रेडिओचे हक्क तिथे वेगळे विकतात. आता गंमत बघा. तीच मॅच आपल्याकडे उन्हाळ्यात साडेसातला, हिवाळ्यात साडेआठला येते. इंग्रजाला जी दिसत नाही ती आपल्याला दिसू शकते, आणि इंग्रजाला जी फुकट ऐकू येते ती आपल्याला पैसे देऊनही ऐकू येत नाही!

स्पेनमध्ये तर यावरून भांडणच झालं. तिथे 'कारुसेल देपोर्तिवो' हा रेडिओ कार्यक्रम १९५४ पासून चालू आहे, मैदानामैदानांवरून एका वेळी खबर देतो. २०११-१२ च्या मोसमात लीगनं रेडिओवाल्यांकडे मैदानात बसायचे पैसे मागितले. रेडिओवाल्यांनी नकार दिला. मग त्यांना दारातच अडवलं. शेवटी एप्रिल २०१२ मध्ये सरकारनं कायदा बदलून सांगितलं, की रेडिओला मैदानात येऊ द्या, आणि प्रत्यक्ष होणारा खर्च तेवढा घ्या. कारण साधं: लोकांना खेळाची खबर मिळणं ही दुकानातली वस्तू नाही.

आपल्याकडचा कायदा काय म्हणतो? वाचून मीच चकित झालो. १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं, तेही एका क्रिकेट स्पर्धेच्या प्रक्षेपणाच्या खटल्यात, स्वच्छ सांगितलं की हवेतल्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे. २००७ मध्ये कायदा झाला, की राष्ट्रीय महत्त्वाच्या ठरवलेल्या स्पर्धांचं थेट प्रक्षेपण खासगी कंपनीनं प्रसार भारतीला दिलंच पाहिजे. जाहिरातींच्या उत्पन्नाची वाटणी टीव्हीसाठी किमान ७५:२५ आणि रेडिओसाठी किमान ५०:५०. म्हणजे कायदा लिहिणाऱ्यांच्या यादीत रेडिओ वेगळा आहे. आमच्याच यादीत नाही.

आणि सगळ्यात भारी म्हणजे २०११ चं खासगी एफएमचं धोरण. खासगी स्टेशनांना खेळांचं थेट प्रक्षेपण एरवी करता येत नाही, हे बऱ्याच जणांना माहीत असतं. पण त्याच कलमात पुढे सूट आहे: स्थानिक स्वरूपाच्या खेळांची थेट कॉमेंट्री चालेल. परत वाचा. स्थानिक स्वरूपाच्या! शाहू स्टेडियमवरच्या मॅचपेक्षा जास्त स्थानिक काय असतं? तिथे करोडोंचे हक्क नाहीत, परदेशी कंपनी नाही, व्हीपीएन नाही. एक माइक, एक फोन लाइन, आणि पोटातून बोलणारा एक माणूस. कोल्हापुरात जाहिरात द्यायला दुकानदार रांग लावतील, कारण प्रत्येक पेठेत ती मॅच लागणार. पण मी इतक्या वर्षांत तिथल्या एफएमवर मॅच चालू असताना गाणीच ऐकलीत. त्यामुळे खासगी स्टेशनवाल्यांनो, कायदा आडवा येतोय असं कृपा करून सांगू नका. आडवा येतोय तो आळस.

"मराठीत फुटबॉल कोण ऐकणार" हेही ऐकून झालंय. कोल्हापुरातल्या कुठल्याही वर्तमानपत्राचं क्रीडापान उघडा. चढाई, बचावफळी, गोलक्षेत्र, जादा वेळ, टायब्रेकर... भाषा तयार आहे हो, वर्षानुवर्षं रोज छापली जातेय. २०१७ च्या सतरा वर्षांखालच्या विश्वचषकात भारताकडून खेळलेला अनिकेत जाधव याच मातीतला. खेळाडू आहेत, शब्द आहेत, वेडे प्रेक्षक आहेत. फक्त आवाज नाही.

तर माझ्या मागण्या तीन, आणि तिन्ही साध्या.

एक, लाइव्ह खेळ दाखवणाऱ्या प्रत्येक अॅपमध्ये 'फक्त आवाज' असं बटण हवं. हे आम्हा इंजिनियर लोकांचं काम. पुढच्या वेळी मीटिंगमध्ये "हे कुणाला हवंय?" असं कुणी विचारलं तर गप्प बसू नका. मी बसलो होतो.

दोन, मोठ्या स्पर्धांच्या हक्कांत ऑडिओ वेगळा काढा आणि रास्त किमतीला विका. बॉल कुठे आहे हे सांगणारी कॉमेंट्री लावा. २०२२ च्या विश्वचषकात न दिसणाऱ्या प्रेक्षकांसाठी अशी खास वर्णन करणारी कॉमेंट्री इंग्रजीत आणि अरबीत होती. म्हणजे जमतं.

तीन, स्थानिक मॅच रेडिओवर आणा. आकाशवाणीनं आणा, खासगी एफएमनं आणा, कुणीही आणा.

तोवर काय? तोवर आम्ही जुगाड केलाय. माझा मामेभाऊ मॅचला स्टेडियममध्ये जातो, फोन लावतो आणि मामांना मॅच सांगतो. फोन कॉलला सेकंदाचाही उशीर नाही. वेकलमची गोष्ट वाचल्यावर मी एका पुठ्ठ्यावर मैदान आखलं, त्यावर सुतळी चिकटवून आठ चौकोन केले आणि मामांच्या मांडीवर ठेवलं. भाऊ आकडा सांगतो, मामांचं बोट त्या चौकोनावर जातं. "पाच... पाच... सहा... आठ, क्रॉस आला!" पहिल्या दिवशी पोरगं अडखळत होतं. आता असं सांगतं, की मी पुण्यात बसून डोळे मिटून ऐकतो आणि मला स्टेडियम दिसतं, पायऱ्यांसकट.

मामांनी हे तालमीतल्या एका मित्राला सांगितलं. त्यांना गुडघ्यांमुळे पायऱ्या चढवत नाहीत. त्यांनी अजून एकाला सांगितलं. एक जण आखातात नोकरीला आहे, तोही आला. गेल्या मॅचला कॉलवर अकरा जण होते. जाहिरात नाही, अॅप नाही, फोर-के नाही. मध्यंतरात मामांनी सगळ्यांना दम दिला, की आपापले माइक बंद ठेवा, तुमच्या घरातले कुकर वाजतायत.

कुणाला हवंय, असं विचारत होतात ना? अकरा जणांची नावं माझ्याकडे आहेत. बाराव्याला कॉलवर घ्यायला भाऊ तयार आहे, पण मोसमभर रोज ओरडून त्याचा घसा बसलाय. एखाद्या स्टेशननं माइक दिला तर बरं होईल.

असो. भेटू पुढच्या वीकेंडला.